लायसीनिड, लांडगीण आणि दगडफूल

मागच्या अंकात एक फोटो टाकला होता. यवतेश्वरच्या घाटात रस्त्याकडेला एकदांडीच्या फुलावर बसलेलं नखाएवढं करडं फुलपाखरू, आणि खाली मी नुसतं लिहिलं, 'एक लायसीनिड'. झालं. दर महिन्याला या सदराला चार पत्रं येतात, त्यातली दोन माझ्या ओळखीच्यांचीच असतात, पण या एका शब्दावर एवढी पत्रं आली की बाकीचे प्रश्न (त्यात तीन तर 'पोरगं मोबाईल सोडत नाही' याचेच आहेत) पुढच्या अंकावर ढकललेत. तर यावेळी फक्त लायसीनिड.

प्रश्न : लायसीनिड हे त्या फुलपाखराचं नाव का? घरातल्या मराठी शब्दकोशात सापडलं नाही. नाम आहे की विशेषण? वर्गात मुलांना काय सांगू? (एक शिक्षिका, कोरेगाव)

बाई, नाव नाही, आडनाव आहे. म्हणजे समजा तुमच्या वर्गात नवीन पोरगा आला, त्याचं नाव अजून माहीत नाही पण चेहऱ्यावरून कळतंय की हा मोहित्यांचा, तर तुम्ही म्हणाल 'हा मोहिते दिसतोय', तसं मी म्हणलं 'हा लायसीनिड दिसतोय'. नेमकं कुठलं ते मला फोटोवरून ओळखता आलं नाही म्हणून आडनावावर भागवलं, आणि यात लपवण्यासारखं काही नाही, चुकीचं नाव ठोकून देण्यापेक्षा हे बरं.

घराण्याचं अख्खं नाव लायसीनिडी. ते एका फुलपाखराला लावायचं नाही. 'हे फुलपाखरू लायसीनिडी आहे' असं हल्ली बऱ्याच ठिकाणी लिहिलेलं दिसतं, ते म्हणजे एका पोराकडे बोट दाखवून 'हे मोहिते घराणं आहे' म्हणण्यासारखं. एक असेल तर लायसीनिड, घराणं म्हणायचं असेल तर लायसीनिडी. आणि हो, लायसीनिड हे नामही चालतं आणि विशेषणही, 'बागेत दोन लायसीनिड दिसली' किंवा 'लायसीनिड अळी मुंग्यांना गोड पाणी देते', दोन्ही बरोबर.

शेवटचं 'इडी' ऐकून हल्ली माणूस दचकतो पण त्याचा धाडीशी संबंध नाही. प्राण्यांच्या कुळाचं नाव असंच संपवायचं हा प्राणिशास्त्राचा नियमच आहे. पोटकुळ असेल तर शेवटी 'इनी' येतं. झाडांच्या कुळांना वेगळी शेपटी, तिथं 'एसी' (फॅबेसी म्हणजे तूर-घेवड्याचं कुळ), त्यामुळे नुसत्या शेपटीवरून कळतं की बोलणं जनावराचं चाललंय की झाडाचं. ही 'इडी' मुळात ग्रीक, अर्थ 'अमक्याची पोरं'. आपल्याकडे पांडूची पोरं पांडव, कुरूची पोरं कौरव, तीच गोष्ट. आणि गंमत बघा, याच घराण्यात एकाचं शास्त्रीय नाव खरोखरच 'पांडवा' आहे. ल्युथ्रोडेस पांडवा, इंग्रजीत प्लेन्स क्युपिड. बंगल्यांच्या दारात कुंडीत तो पामसारखा दिसणारा सायकस लावतात ना, त्याला नवीन कोवळा तुरा फुटला की याच्या अळ्या दोन-चार दिवसात त्याची चाळण करून टाकतात. सातारला सायकस लावणाऱ्या कुणालाही विचारा, पांडवांनी कुणाचं राज्य बुडवलं ते सांगतील.

मुलांना सांगायला आकडा पाहिजे असेल तर हे घ्या, जगात या कुळाच्या पाच हजारांवर जाती आहेत, फुलपाखरांमध्ये कुंचलपाद कुळानंतर दुसरा नंबर यांचा. मराठीत 'नील कुळ' म्हणतात.

प्रश्न : लायकेन म्हणजे आपलं मसाल्यातलं दगडफूल, असं माझी मुलगी म्हणाली, ती बारावी सायन्सला आहे. मग लायकेनिडी म्हणजे दगडफूल खाणारी फुलपाखरं का? आमच्याकडे पोत्यानं दगडफूल पडलेलं असतं, काळजी वाटली म्हणून विचारते. (कांदा-लसूण मसाला करणाऱ्या एक ताई, सांगली)

ताई, पत्र वाचून आधी हसलो आणि मग गप्प झालो, कारण प्रश्न दिसतो त्यापेक्षा भारी आहे.

मुलीचं अर्धं बरोबर. दगडफूल म्हणजे लायकेनच, बुरशी आणि शेवाळ यांचा एकत्र संसार. पण तो शब्द वेगळा आणि फुलपाखराचा वेगळा, लायसीनिडीलाच काही जण लायकेनिडी लिहितात, आणि मराठीत दोन्ही 'लायके' करून लिहिले की सख्खे भाऊ वाटतात. ग्रीकमधून दोन वेगळ्या घरांतून आलेत, नात्याचे नाहीत. आपल्याकडे 'कर' म्हणजे हात, 'कर' म्हणजे टॅक्स आणि 'कर' म्हणजे संक्रांतीचा, बेंदराचा दुसरा दिवस, तसं काहीतरी. तुमच्या पोत्याला फुलपाखराकडून धोका नाही, पोतं कोरडं ठेवा म्हणजे झालं, दगडफुलाचा खरा वैरी ओल.

पण. आफ्रिकेत याच घराण्याची एक मोठी शाखा आहे, त्यांच्या अळ्या झाडाच्या सालीवरचं दगडफूल आणि शेवाळासारखी बारीक वाढ खाऊन जगतात! म्हणजे शब्दांचं नातं शून्य आणि प्रत्यक्षात काही भाऊबंद दगडफूलच खाणारे निघाले. हा निव्वळ योगायोग, पण असा योगायोग कुणी मुद्दाम रचायला गेलं तर जमणार नाही. आपल्याकडची मात्र बहुतेक पानं, कळ्या, फुलं, शेंगा यावर असतात, तुमच्या मसाल्यावर एकही नाही.

प्रश्न : नेटवर वाचलं की या शब्दाचा अर्थ लांडगीण होतो. नखाएवढ्या फुलपाखराला लांडगीण कोण म्हणेल? फेक वाटतंय. (कॉलेज विद्यार्थी, कराड)

फेक नाही रे. ग्रीकमध्ये लुकाइना म्हणजे लांडग्याची मादी, आणि शब्दकोश लायसीना हे नाव तिथंच नेऊन जोडतात. १८०७ साली फॅब्रिसियस नावाच्या डॅनिश कीटकशास्त्रज्ञानं लायसीना हे प्रजातीचं नाव वापरलं आणि पुढं १८१५ मध्ये लीच नावाच्या इंग्रज माणसानं त्यावरून अख्ख्या कुळाला नाव दिलं. लांडगीणच का? त्या काळात हे लोक हजारोंनी नावं पाडत होते आणि ग्रीक-रोमन पुराणातलं जे हाताला लागेल ते चिकटवत होते, प्रत्येक नावामागं गुण शोधत बसलास तर वेडा होशील. आपल्याकडे काळ्याकुट्ट पोराचं नाव पांडुरंग असतंच की.

लांडग्याचा हाच ग्रीक शब्द टोमॅटोतही आहे बरं का. टोमॅटोच्या जुन्या शास्त्रीय नावाचा, लायकोपर्सिकॉनचा, अर्थ 'लांडग्याचं पीच', आणि त्यावरून टोमॅटोच्या लाल रंगद्रव्याला लायकोपीन. म्हणजे आता कुणी विचारलं की कराडच्या मंडईतला टोमॅटो आणि घाटातलं फुलपाखरू यांच्यात काय सारखं, तर सांग, लांडगा.

अजून एक, जुन्या इंग्रजी पुस्तकात 'लायसीना अमुक' दिसलं तर लगेच आजच्या अर्थानं घेऊ नकोस. एकोणिसाव्या शतकात निळी दिसली की बरीचशी लायसीनातच घालत होते, नंतर एकेक वेगळी काढली. आज लायसीना म्हणजे कॉपर म्हणतात ती तांब्याच्या रंगाची फुलपाखरं, आणि भारतात ती हिमालयाकडं. त्यामुळे आपल्या सातारा-सांगलीत घराणं नांदतंय जोरात पण ज्याच्या नावानं घराणं ओळखलं जातं तो मूळ पुरुष इकडं फिरकतच नाही.

प्रश्न : डाळिंबाला भोक पडून काळं पाणी यायला लागलं म्हणून फळ घेऊन औषधाच्या दुकानात गेलो, तो म्हणला लायसीनिड बोरर आहे. मला वाटलं औषधाचं नाव. बाटली मागितली तर दुकानात सगळे हसले. तुमच्या अंकात तोच शब्द फुलपाखराच्या फोटोखाली बघितला. नक्की काय समजायचं? (डाळिंब बागायतदार, आटपाडी)

दादा, हसणाऱ्यांना हसू द्या, त्यातल्या किती जणांना शब्दाचा अर्थ माहीत होता ते विचारायला पाहिजे होतं.

दोन्ही बरोबर. बोरर म्हणजे पोखरणारी अळी आणि ती अळी ज्या फुलपाखराची ते लायसीनिड घराण्यातलं. शास्त्रीय नाव ड्युडोरिक्स आयसोक्रेटिस, जुन्या कागदांवर व्हिराकोला आयसोक्रेटिस असं दिसेल, माणूस एकच. इंग्रजीत कॉमन गावा ब्लू, म्हणजे 'पेरूवालं निळं', कारण पेरूवरही येतं, शिवाय चिंच, आवळा. नर वरून चकचकीत जांभळट निळा, मादी तपकिरी आणि तिच्या पुढच्या पंखावर नारिंगी डाग. तुमच्या बागेत कितीदा डोळ्यासमोरून गेलं असेल आणि तुम्ही 'फुलपाखरू हाय, असूदे' म्हणून सोडून दिलं असेल. त्याच वेळी ती बया कळीवर नाहीतर कोवळ्या फळाच्या टोपीवर, म्हणजे ते मुकुटासारखं असतं ना तिथं, एकेक अंडं चिकटवत हिंडत होती.

पुढचं मी खटावकडच्या एका पाहुण्यांच्या बागेत स्वतः बघितलंय. फळ वरून ठणठणीत दिसत होतं, फक्त एक गोल भोक, आणि त्या भोकाला आतून कुणीतरी बूच मारल्यासारखं. मला वाटलं घाण अडकली असेल म्हणून काडी लावली, तर ते बूच हललं! अळीचं मागचं टोक चपटं, ढालीसारखं असतं, आत तोंडानं दाणे खात बसायचं आणि मागच्या ढालीनं दार लावून घ्यायचं. फळ फोडलं तर अर्ध्या भागात दाण्यांचा चिखल आणि वास असा की हात साबणानं धुतला तरी जाईना. आणि पाहुण्यांनी दाखवलं म्हणून कळलं, देठापाशी रेशमासारखे बारीक धागे गुंडाळलेले होते, म्हणजे पोखरलेलं फळ सडून खाली पडू नये म्हणून ही अळी ते फांदीला बांधून ठेवते. एवढी अक्कल आमच्यात नाही असं पाहुणे म्हणले.

तेव्हा औषधाच्या बाटलीआधी भोक पडलेली फळं, झाडावरची आणि खाली पडलेली, सगळी गोळा करून नष्ट करा, खाली नुसती टाकून ठेवलीत तर आतली अळी तिचं तिचं बघून घेते. पावसाळी बहाराला त्रास जास्त असतो. फळ लहान असतानाच पिशवी घालणं हा जुना उपाय आहे, मजुरीला परवडलं तर. फवारणी कुठली, कधी, किती, ते कृषी विज्ञान केंद्रात फळ घेऊन जाऊन विचारा, मी शब्दांचा माणूस, औषधाचं सांगणार नाही. पण तिथं गेल्यावर 'लायसीनिड' एवढंच सांगू नका, ते आडनाव झालं. आयसोक्रेटिस म्हणा, नाहीतर सरळ 'फळ पोखरणारी अळी' म्हणा, कारण याच घराण्यातलं दुसरं, पी ब्लू, तुरीच्या आणि घेवड्याच्या शेंगा पोखरतं आणि तिसरं, लाइम ब्लू, लिंबाची कोवळी पानं खातं, सगळ्यांना एकच औषध लावून कसं चालेल. आडनाव सारखं म्हणून एकाच्या कर्जाची नोटीस दुसऱ्याला देत नाहीत. (देतात कधीकधी, तो वेगळा विषय.)

प्रश्न : आपण 'लायसीनिड' लिहिता, अन्यत्र 'लायकेनिडी' वाचले. शुद्ध कोणते? तसेच या कुळाच्या 'गॉसमर-विंग्ड' या इंग्रजी नावाला मराठी प्रतिशब्द सुचवावा. (सेवानिवृत्त लेखनिक, वाई)

वाईकर म्हणजे विश्वकोशाच्या गावचे, जपून उत्तर द्यायला पाहिजे.

मूळ ग्रीकमध्ये 'क' आहे. तो रोमन लिपीत 'सी' या अक्षरानं लिहिला गेला, आणि इंग्रजी तोंडात त्या अक्षरापुढं ई-इ असा स्वर आला की 'क' चा 'स' होतो. रोमन लोकांच्या तोंडचा कायसर इंग्रजीत सीझर झाला, जर्मन लोकांनी मात्र कैसर ठेवला, शब्द तोच. तसं इंग्रजी वळणानं लाय-सी-निड, जुन्या लॅटिन वळणानं लायकेनिडी. दोन्हीत अशुद्ध काही नाही, फक्त एका लेखात एकच धरावं. मी 'स' वाला घेतो, कारण फुलपाखरं बघत हिंडणारी आपल्याकडची मंडळी तसंच बोलतात, आणि दुसरं कारण वरच्या सांगलीच्या ताई.

गॉसमर म्हणजे थंडीच्या तोंडाला हवेत तरंगत येणारे कोळ्याचे धागे. सकाळी शेतात चालताना अचानक तोंडाला चिकटतात ते. कोळ्याची पिल्लं त्या धाग्यावर बसून वाऱ्यानं गाव बदलतात. इंग्रजी शब्द 'गूज' आणि 'समर' यातून आला असं मानतात, म्हणजे हंसांचा उन्हाळा, नोव्हेंबरात मधेच ऊब येते ते दिवस. याचं शब्दशः भाषांतर करून 'कोळीधागापंखी' वगैरे करू नका, हात जोडतो. आपल्याकडे पातळ आणि नाजूक दोन्ही एकाच शब्दात सांगणारा 'तलम' आहे, तलम धोतर, तलम लुगडं. तर 'तलमपंखी'. पण हे बोलायला, कवितेला. यादीत लिहिताना 'नील कुळ' च लिहा, तो रुळलाय.

रुळलाय पण फसवा आहे, हे पुढच्या पत्रात बघा.

प्रश्न : आपलं राज्य फुलपाखरू ब्लू मॉरमॉन आहे. ते निळं आहे. म्हणजे ते नील कुळातलं. बरोबर ना? (इयत्ता सहावी, मिरज)

नाही रे बाळा. पण चुकलास ते चांगलं चुकलास, कारण मोठी माणसंही इथंच चुकतात.

ब्लू मॉरमॉन, म्हणजे आपली राणी पाकोळी, काही जण नीलवंत म्हणतात, महाराष्ट्रानं २०१५ मध्ये तिला राज्य फुलपाखरू केलं. ती तळहाताएवढी मोठी आणि ती पुच्छ कुळातली, शेपटीवाल्यांची, जरी तिला स्वतःला शेपटी नसली तरी. ब्लू टायगर, ब्लू पॅन्सी हीसुद्धा नावानं निळी पण कुंचलपाद कुळातली, त्यांचे पुढचे दोन पाय आखडून ब्रशसारखे झालेले असतात, चारच पायांवर बसतात.

आणि उलट, नील कुळातलं असून निळं नसलेलं बघायचं असेल तर घरात पानफुटीची कुंडी आहे का बघ. रेड पिएरो तिथं येतं. पांढरं, काळं आणि खाली लालभडक नारिंगी पट्टा, निळा रंग औषधाला नाही. त्याची अळी पानफुटीच्या जाड पानाच्या आत शिरून मधला गर खाते, पान बाहेरून फुगलेल्या पापडासारखं दिसतं आणि उजेडात धरलं की आत अळी फिरताना दिसते. आमच्या गॅलरीत तीन वर्षं झाली, एकही पानफुटी धड नाही, बायको म्हणते कुंडी तुमची की त्यांची ते एकदा ठरवा.

मग कुळ ओळखायचं कशावरून? लहान अंग, मिशांवर काळे-पांढरे पट्टे, पंख मिटल्यावर खालच्या बाजूला बारीक ठिपके-रेघा. पुष्कळांच्या मागच्या पंखाला केसासारखी शेपटी आणि तिच्या बुडाशी डोळ्यासारखा ठिपका असतो. बसल्या बसल्या ते मागचे पंख वरखाली घासतं, शेपट्या मिशांसारख्या हलतात, सरड्याला वाटतं डोकं इकडं आहे, तो झडप घालतो आणि पंखाचा तुकडा तोंडात घेऊन बसतो, फुलपाखरू दुसऱ्या बाजूनं पसार. पंखाचा तेवढाच कोपरा फाटलेलं दिसलं तर समज, कुणीतरी फसलंय.

आणि ज्यांचा निळा खरा आहे त्यांचाही खरा नाही. पंखावरच्या खवल्यांची घडणच अशी असते की उजेडातला निळा तेवढा परत फिरतो. बऱ्याच जातीत तो नराच्या वरच्या बाजूलाच, माद्या मातकट.

प्रश्न : दारातल्या जास्वंदीवर पिठ्या ढेकूण झालेत. काल एका पानावर ज्वारीच्या दाण्यापेक्षा थोडं मोठं, हुबेहूब माकडाचं तोंड दिसलं, डोळे नाक सगळं. सासूबाई म्हणतात करणी आहे, झाड काढून टाका. ते हलत नाही. (एक वाचक, तासगाव)

झाड काढू नका! सासूबाईंना नमस्कार सांगा आणि सांगा की हा लायसीनिडच आहे, एपफ्लायचा कोश. शास्त्रीय नाव स्पॅल्गिस एपियस. या घराण्यात काही मांसाहारी आहेत त्यातला हा, याची अळी पिठ्या ढेकूण खाते, अंगाला त्यांचंच पांढरं पीठ फासून त्यांच्यातच बसते त्यामुळे आधी तुम्हाला दिसली नसणार. तुम्ही द्राक्षाच्या गावचे, मिलीबग काय चीज आहे ते तुम्हाला मी सांगायला नको, आणि इथं तुमच्या दारात त्याला खाणारा फुकट आलाय. त्या फांदीवर काही फवारू नका. मुंग्या असतील तर असू द्या, त्या ढेकणांच्या गोड पाण्यासाठी येतात.

कोश थोड्या दिवसात फुटेल. त्यातून माकड-बिकड काही निघणार नाही, एक साधं राखाडी-तपकिरी फुलपाखरू निघेल, पुढच्या पंखावर मधे पांढुरका डाग. इतकं साधं की सासूबाई म्हणतील, एवढ्यासाठी पत्र लिहिलंस? फोटो मात्र काढा, पंख मिटलेला आणि उघडा असे दोन्ही, आणि पाठवा, यावेळी खाली अख्खं नाव छापतो.